व्याह्यांची नाडी आणि खामवरचा पूल

पुलाचा फोटो काढायला मी छत्रपती संभाजीनगरला गेले आणि व्याह्यांना दवाखान्यात भरती करून आले. विहिणीने असं करू नये असं कुठे लिहिलेलं नाही, पण आमच्या चिपळुणात लोक अजून मला थांबवून विचारतात, "काय हो, नेमकं झालं काय?" प्रत्येकाला रस्त्यात उभं राहून सांगण्यापेक्षा एकदाच लिहून टाकलेलं बरं. आधीच सांगते, त्या चार दिवसांत आमचे व्याही विश्वनाथराव यांच्या जिवाला धोका होता, आणि तो धोका त्यांच्यासकट आम्ही सगळ्यांनी मिळून चक्क साजरा केला.

माझं म्हणाल तर मुलींच्या शाळेत अठ्ठावीस वर्षं गणित शिकवलं. नाद एकच, रात्रीच्या वेळी पुलांचे फोटो काढायचा. माणसांवर कॅमेरा रोखला की ती उगाच हसायला लागतात. पुलाला असली खोड नाही. मागच्या वर्षी एक साधा ताप आला, तो गेला आणि जाताना हृदयाच्या स्नायूला सूज ठेवून गेला. सहा महिने घराच्या पायऱ्यासुद्धा मोजून चढले. मुलाने, निरंजनने, पुण्याहून मनगटावरचं घड्याळ पाठवलं. ते रात्रभर ठोके ऐकतं आणि सकाळी एक आकडा सांगतं.

हा आकडा म्हणजे नाडीचा वेग नव्हे. दोन ठोक्यांमधलं अंतर दर वेळी अगदी सारखं नसतं, केसभर कमीजास्त होत राहतं. शरीर विसावलेलं असेल तर हा फरक जास्त, दमलेलं असेल तर कमी. आजारात माझा आकडा चौदावर आला होता, आता सव्वीस-अठ्ठावीसपर्यंत चढला होता. बाविसाच्या खाली गेला तर त्या दिवशी घरात बसायचं, असं फिजिओथेरपिस्टने ठरवून दिलं होतं. आकडा निरंजनच्याही फोनवर दिसतो. पोटच्या पोराने रोज सकाळी आपलं प्रगतिपुस्तक तपासावं ह्यासारखी शिक्षा नाही.

बजाजनगर

निरंजनची बायको प्रांजल बजाजनगरची. तिचे वडील विश्वनाथराव, वय त्रेसष्ट. तीस वर्षं वाळूजच्या एका कारखान्यात प्रेसवर काम केलं, आता निवृत्त. पाचोडला चार एकर मोसंबी आहे, तिथे आणि इथे त्यांच्या चकरा चालू असतात. आई सुमनताई. आमच्या लेकरांच्या लग्नानंतर मी त्यांच्या घरी राहायला पहिल्यांदाच जात होते, त्यामुळे पाहुणचाराची तयारी लढाईसारखी होती.

आमच्या कोकणात आलेल्याला विचारतात, "चहा घेणार का?" त्यात 'नको म्हणालात तरी चालेल' हे आलंच. इथे विचारत नाहीत. ताट समोर येतं. ज्वारीची भाकरी, येसरची आमटी, शेंगदाण्याची चटणी, भरलं वांगं, वर तुपाची वाटी. येसर म्हणजे भाजलेल्या धान्याचं आणि मसाल्याचं पीठ; त्याची आमटी पहिल्या घोटाला साधी वाटते आणि तिसऱ्या घोटाला कपाळावर घाम आणते. "मीठ कमी टाकलंय ताई तुमच्यासाठी," असं म्हणत सुमनताईंनी तिसरी भाकरी टाकली. मी हात आडवा धरला. त्यांनी भाकरी हाताच्या खालून सरकवली.

जेवण झाल्यावर विश्वनाथरावांनी माझं घड्याळ निरखलं.

"विहीणबाई, हे सकाळी तुम्हाला सांगतं, तुम्ही दमल्यात का नाय?"

"सांगतं."

"तुमचं तुम्हाला कळत नाय व्हय?"

"कळत नाही म्हणूनच तर आजारी पडले."

"आमच्या घरी हे काम सुमन करती," ते म्हणाले. "मी दमलो का नाय, तीच ठरवती. आन् तिला चार्जिंग लागत नाय."

सुमनताई पदराआड हसल्या. त्या नवऱ्याशी चारचौघांत फारसं बोलत नाहीत. वाढताना वाटी पुढे सरकवतात, तेवढंच. नाव तर नाहीच घेत. मला बरं वाटलं त्या घरात. पलंगावर पडल्या पडल्या झोप लागली आणि सकाळी आकडा सत्तावीस आला. निरंजनचा लगेच मेसेज, "गुड, जाऊ शकतेस." जसा काही हाच मुख्याध्यापक.

पाचोड

दुसऱ्या दिवशी मोसंबी बघायला पाचोडला गेलो आणि रात्री शेतातल्या घरातच राहिलो. आमच्याकडे झाड म्हटलं की अंगावर येणारी हिरवी दाटी. इथे काळ्या जमिनीत झाडं अंतर राखून उभी, मधून लांबवर दिसतं, आणि कार्तिकातला वारा कोरडा. ओठ फुटले माझे. शेवटचा तोडा चालू होता. झाडाखाली बसून मी चार मोसंब्या खाल्ल्या आणि बाजारात आपल्याला जे विकतात ते काय असतं, असा प्रश्न पडला.

रात्री विश्वनाथराव म्हणाले, "द्या की एक दिवस मला ते घड्याळ. बघू तरी आमच्या काळजाचा काय भाव हाय."

दिलं. सकाळी उठून पाहते तर आकडा एकशे अठरा.

मी चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. एकशे अठराच. तेवढ्यात निरंजनचा फोन. आवाज चिरकलेला. "आई, एकशे अठरा? काय केलंस तू?"

"मी काही केलं नाही. ते तुझ्या सासऱ्यांचं आहे."

"बाबांचं?" तो सुटल्यासारखा हसला. "मग त्यांना मॅरेथॉनला पाठव!"

झालं. त्या दिवशी गावचा आठवडी बाजार होता. मेथीची जुडी घेताना विश्वनाथरावांनी सांगितलं, चपला शिवून घेताना सांगितलं, चहाच्या टपरीवर तर सविस्तर सांगितलं. "विहीणबाईंचा सत्तावीस. आमचा एकशे अठरा!"

"तात्या, लई भारी," टपरीवाला म्हणाला. "भाकरीचा जोर हाय हा."

मी हसले खरी, पण आतून जळले. खोटं कशाला बोलू? सहा महिने मी बिनमिठाचं खाऊन, दहाला झोपून, एकेक आकडा वर चढवला होता. आणि हा माणूस तंबाखू मळत, ठेचा खात, पहिल्याच रात्री शंभराच्या पार. एकाचा आकडा दुसऱ्याशी ताडून बघायचा नसतो, हे मला पक्कं माहीत होतं. तरी जळले. मनात आणखी काहीतरी खुपत होतं, फिजिओथेरपिस्ट काहीतरी बोलली होती, पण ते काही केल्या आठवेना. मग मोसंबीच्या क्रेट गाडीत चढल्या आणि तो विषय तिथेच राहिला.

दौलताबाद

चौथ्या दिवशी माझा आकडा चोवीस. निरंजनने हुकूम काढला की किल्ला खालूनच बघायचा. मी म्हटलं खंदकापर्यंत तरी जाईन. विश्वनाथराव सोबत आले. सुमनताई गावातच सीताफळांचा भाव करत बसल्या. शेवटची सीताफळं होती, आणि विकणारी बाई काही ऐकत नव्हती.

आमच्याकडचे किल्ले डोंगरावर बसवलेले असतात. हा मात्र डोंगरच तासून उभा भिंतीसारखा केलेला आहे. मान वर करून बघता बघता पाठीत कळ आली. वाट चढताना विश्वनाथराव दर वळणाला थांबायचे. "इथून बघा, लई झकास दिसतं." मी बघायचे. खरंच छान दिसायचं. पुढच्या वळणाला पुन्हा, "आता हितनं बघा." एकदा तर एका तोफेपाशी चांगली दहा मिनिटं बसून तिच्यावरचं नक्षीकाम दाखवत होते.

मला भरून आलं. माझ्या आजारपणाची केवढी जाण ह्या माणसाला! मी दमले असेन हे बोलून न दाखवता दर पन्नास पावलांवर मला बसवतायत. काल ह्यांच्यावर जळले, ह्याची लाज वाटली. खंदकावरच्या पुलापर्यंत पोचलो, तिथून आत तो प्रसिद्ध काळोखाचा बोगदा सुरू होतो. वटवाघळांचा वास बाहेरपर्यंत आला. "बास झालं," मी म्हटलं. "व्हय, बास," ते इतक्या झटकन म्हणाले, की मी हसले.

पूल

ज्याच्यासाठी इतक्या लांब आले तो पूल शहरात आहे. पाणचक्कीजवळ, खाम नदीवर, दगडी कमानींचा, आणि त्याच्या तोंडाशी महमूद दरवाजा. आमची वाशिष्ठी पाहिलेल्या माणसाला खाम ही नदी वाटायला जरा वेळ लागतो. पण थोडंसं पाणी होतं, आणि फोटोला तेवढं पुरतं. पुलावर कॅमेऱ्याची तिपाई लावता येत नाही; गाड्या गेल्या की दगड आतून थरथरतो आणि फोटो हलतो. म्हणून काठाकाठाने कडेला उतरून उभं राहायचं, पूल आडवा समोर घ्यायचा आणि शटर बराच वेळ उघडं ठेवायचं. म्हणजे जाणाऱ्या गाड्या फोटोत दिसतच नाहीत, त्यांच्या दिव्यांच्या नुसत्या रेघा उमटतात.

त्याच संध्याकाळी आम्ही तिघं तिथे पोचलो तेव्हा दिवस मावळून अर्धा तास झाला होता. आभाळात अजून निळं होतं, ही वेळ उत्तम. एक रिक्षावाला वरून वाकून ओरडला, "फोटू निकाल रे क्या खाला? उधर से लेव, उधर से मस्त आता!" खाला म्हणजे मावशी, म्हणजे मी. त्याचं बरोबर होतं. चार पावलं डावीकडे सरकल्यावर पाचही कमानी पाण्यात आल्या.

तिपाई उभी केली आणि लक्षात आलं, रिमोटची बॅटरी संपलेली. म्हणजे बटण बोटाने दाबून धरायचं आणि दुसऱ्या कोणीतरी वेळ मोजायची.

"मी मोजतो," विश्वनाथराव पुढे झाले. सुमनताईंनी फोन दिला तर तो परत केला. "फोन कशाला? नाडी हाय की. एकशे अठरावालं काळीज हाय, उगं हाय का? पन्नास ठोके मोजू का?"

दोन-चार सेकंद इकडेतिकडे झाले तरी फोटोचं काही बिघडत नाही. म्हटलं, घ्या हौस भागवून. त्यांनी डाव्या मनगटावर बोटं ठेवली आणि खड्या आवाजात सुरू केलं.

"एक. दोन, तीन, चार. पाच... सहा, सात. आठ..... नऊ, दहा, अकरा."

मी बटण दाबून पुलाकडे बघत होते. अठ्ठावीस वर्षं पोरींकडून पाढे म्हणून घेतलेत. चाळीस जणींत एक जरी अडखळली तरी मला फळ्याकडे तोंड करून ऐकू येतं. म्हणाले, "अहो, नीट मोजा. एका लयीत!"

"नाडीवरच मोजतोय विहीणबाई. तीच तशी चालतीय, मी काय करू? बारा... तेरा, चौदा—"

आणि मला फिजिओथेरपिस्टचं वाक्य आठवलं. अख्खं, तिच्या आवाजासकट. 'काकू, आकडा एकदम फार वर गेला तर खूश होऊ नका हं. ठोका अनियमित पडत असेल ना, तरीही तो असाच फुगतो.' दौलताबादची सगळी वळणंही एका क्षणात समजली. तो माणूस मला बसवत नव्हता. स्वतः बसत होता.

मी बटण सोडलं, वळले आणि व्याह्यांचं मनगट धरलं.

आता हे तुम्हाला कसं सांगू? विहिणीने व्याह्याचा हात धरायचा, तोही भर रस्त्यालगत, त्याच्या बायकोदेखत! सुमनताई आधी हसल्या. विश्वनाथराव तर कानापर्यंत लाल झाले. "अवो विहीणबाई, लोक बघतेत!"

"गप्प बसा," मी म्हणाले. वर्गात म्हणायचे तसंच तोंडातून गेलं.

चार ठोके घाईघाईने, मग काहीच नाही, मग एक जोरात, मग दोन अगदी बारीक. पुढचा कधी येईल ह्याचा अंदाजच बांधता येईना. मिनिटभर धरून ठेवलं, की आत्ता लागेल, आत्ता लय लागेल. लागली नाही.

"असं कधीपासून होतंय?"

"कधीमधी होतं. छातीत पाखरू फडफडल्यावानी. मिरची जास्त झाली की."

"कधीपासून?"

त्यांनी पुलाकडे बघितलं. "दिवाळीपासून आसंल."

"दिवाळीपासून?" सुमनताई म्हणाल्या. चार दिवसांत पहिल्यांदा मी त्यांना नवऱ्याकडे सरळ बघून बोलताना पाहिलं. "आन् मला कामून सांगितलं नाय?"

"तू उगं बेजार झाली असतीस."

तिपाई गुंडाळली. एकच फोटो निघाला होता, तोही अर्धवट.

रुसवा

घरी येताना वाटेतच दवाखान्यात जाऊ म्हटलं, तर विश्वनाथरावांनी गाडी सरळ बजाजनगरला आणली. कारण काय, तर घरात पाहुणी. "विहीणबाई चार दिसांसाठी आलेल्या. पुरणाचं वाटण तयार हाय. आन् मी दवाखान्यात जाऊन पडू? काय इज्जत राहील? तुम्ही परवा गेल्या की सोमवारी दाखवतो. दिवाळीपासून काय झालं नाय, दोन दिसांत काय होतंय?"

निरंजनने फोनवर सांगून पाहिलं. प्रांजल रडली. "व्हय, व्हय, जातो सोमवारी," एवढंच. सुमनताई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या, हातातलं लाटणं तसंच. त्यांचं तोंड मला बघवेना. पाहुणी म्हणून मीच त्यांच्या वाटेत उभी होते. मी आले नसते तर हे कळलं नसतं, आणि मी आहे म्हणून हा माणूस उठत नाही!

ताटं वाढली. आणि मला सुचलं.

लग्नात वरमाईचा रुसवा असतो. मुलाची आई ऐन पंगतीत तोंड फिरवून बसते, मुलीकडच्यांनी तिची मनधरणी करायची, मागेल ते द्यायचं. निरंजनच्या लग्नात मी जाहीर केलं होतं की हा मूर्खपणा माझ्याकडून होणार नाही. सुमनताईंनी रुसव्यासाठी आणलेली साडी परत कपाटात गेली आणि त्या मनातून थोड्या नाराजही झाल्या होत्या.

मी ताट पुढे सरकवलं, पाटावर भिंतीकडे तोंड करून बसले. "माझा रुसवा राहिलाय," मी म्हणाले. "तो आज."

विश्वनाथराव खदाखदा हसले. "बरं! काय पाहिजे वरमाईला? पैठणी घेऊ? पैठण इथं जवळच हाय."

"कार्डिओग्रामची पट्टी पाहिजे. तुमच्या नावाची. ती हातात येईपर्यंत ह्या घरात पाणीसुद्धा पिणार नाही."

हसू थांबलं. "बाई, थट्टा पुरे."

माझ्या रात्रीच्या गोळ्या ताटाशेजारी होत्या, त्या जेवणानंतरच घ्यायच्या असतात, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. आमटी निवली. पाठीमागे सुमनताईंचा आवाज आला, हलकाच, "ताईंच्या गोळ्या राहिल्या." भिंतीवर कॅलेंडर होतं. त्यावरच्या सगळ्या तारखांची बेरीज मी दोनदा केली. हा माणूस माझ्याहून हट्टी निघाला तर?

पाट सरकला. "लई हट्टी बाई हाय ही," विश्वनाथराव म्हणाले. "सुमन, माझे बूट कुठं हायत?"

दवाखाना

पट्टीवरच्या रेघा मला कळत नाहीत, पण त्यांच्यातलं अंतर मला कळतं. एकही सारखं नव्हतं. डॉक्टरीणबाई तरुण होत्या, घाई न करता बोलत होत्या. हृदयाचे वरचे कप्पे नीट आकुंचन न पावता नुसते थरथरतात, तिथे रक्त साचतं, साचलं की गोठतं, आणि ती गुठळी मेंदूत गेली तर अर्धं अंग जातं. "आणखी महिनाभर कदाचित काही झालंही नसतं," त्या म्हणाल्या. "किंवा आज रात्रीच झालं असतं. ह्याचं हेच वाईट आहे. आणलंत ते बरं केलंत." रक्त पातळ राहायचं औषध आणि ठोका आवरायचं औषध सुरू झालं, आणि दोन दिवस ठेवून घेतलं. मी बाहेर बाकावर बसून गोळ्या घेतल्या, सोबत सुमनताईंनी पिशवीतून आणलेली ती निवलेली भाकरी. मीच रडले, त्या नाही.

सकाळी माझा आकडा सतरा. निरंजनचा फोन आला नाही. बहुधा त्याची हिंमत झाली नसावी. मी डबा घेऊन दवाखान्यात गेले. विश्वनाथराव पडल्या पडल्या माझ्यावर रागावलेलेच होते, पण चेहऱ्यावर रंग होता. ठोका पूर्ण लयीत यायला वेळ लागेल, औषधं पुढे चालू ठेवावी लागतील, पण वेग उतरलाय, असं डॉक्टरीणबाई सांगून गेल्या होत्या.

सुमनताईंनी मला बाजूला घेतलं. "ताई, तुम्ही पुलापाशी ते बघितलं ना, ते मला शिकवा. कुठं दाबायचं?"

मी दाखवलं. अंगठा ठेवायचा नाही, ही दोन बोटं, मनगटाच्या अंगठ्याकडच्या बाजूला, फार जोर द्यायचा नाही. त्या खाटेशेजारी स्टुलावर बसल्या, नवऱ्याचा हात मांडीवर घेतला आणि ओठांतल्या ओठांत मोजायला लागल्या. शेजारच्या खाटांवर माणसं होती, नर्स बाटली बदलत होती. मिनिट झालं, दोन झाली, त्या मोजतच होत्या.

"झालं का मोजून?" विश्वनाथराव पुटपुटले. "सोड आता हात. लोक बघतेत."

"बघू द्या," सुमनताई म्हणाल्या. "मधीच बोलता तुम्ही, चुकलं माझं. आता पुन्हा एकपासून मोजते."